ॲप उघडताच बंद पडतं म्हणून रिजेक्ट झालं? आधी क्रॅश लॉग वाचा

ॲपलच्या रिव्ह्यूमधून येणाऱ्या नकारांपैकी एक नकार टीमला फार गोंधळात टाकतो. ॲप स्टोअर कनेक्टमध्ये निरोप येतो: गाइडलाइन २.१, ॲप कम्प्लीटनेस. खाली दोन-तीन ओळी असतात, की अमुक आयपॅडवर, अमुक ओएसवर, वाय-फायवर तपासताना ॲप उघडताच बंद पडलं. सोबत एक-दोन फाइली जोडलेल्या असतात. आणि इकडे टीममधल्या प्रत्येकाच्या फोनवर तेच ॲप व्यवस्थित चालू असतं.

मग बहुतेक ठिकाणी दोनपैकी एक गोष्ट होते. "आमच्याकडे तर चालतंय" असं उत्तर पाठवलं जातं, किंवा अंदाजाने चार ठिकाणी कोड बदलून नवं बिल्ड, म्हणजे ॲपची नवी तयार प्रत, वर चढवलं जातं. दोन्हीत वेळ वाया जातो. ॲपलच्या सांगण्यानुसार सरासरी ९० टक्के सबमिशन २४ तासांच्या आत तपासली जातात, म्हणजे प्रत्येक चुकीच्या अंदाजामागे साधारण एक दिवस गेला असं धरा. त्या जोडलेल्या फाइली म्हणजे क्रॅश लॉग, ॲप बंद पडलं त्या क्षणाची नोंद. तो वाचून होईपर्यंत कोडला हात लावू नये, असं माझं ठाम मत आहे. स्वतः कोड न लिहिणाऱ्या, पण पैसे देऊन ॲप करून घेणाऱ्या माणसानेही आपल्या डेव्हलपरला पहिला प्रश्न हाच विचारावा: लॉगमध्ये काय म्हटलंय?

आयकॉनवर बोट टेकवल्यापासून पहिला स्क्रीन दिसेपर्यंत बरंच काही घडत असतं. आधी डीवायएलडी नावाचा लोडर ॲपसोबत आलेल्या आणि सिस्टीममधल्या लायब्ररी मेमरीत आणून एकमेकींना जोडतो. मग तुमचा कोड सुरू होतो. ॲनालिटिक्स, जाहिराती, नोटिफिकेशन यांच्या एसडीके, म्हणजे दुसऱ्यांनी लिहिलेले तयार कोडचे संच, सुरू होतात, सेव्ह केलेलं लॉगिन तपासलं जातं, सर्व्हरकडे पहिली रिक्वेस्ट जाते आणि शेवटी स्क्रीन उभा राहतो. यात कुठेही बिनसलं तरी रिव्ह्यूअरला दिसतं ते सारखंच: ॲप उघडलं आणि गेलं. त्यामुळे नुसत्या 'लाँच क्रॅश' या शब्दांवरून कारण कळणं शक्य नाही.

लॉग पहिल्यांदा उघडला की छाती दडपते. शेकडो ओळी, त्यातही लांबलचक आकडे. २०२१ मध्ये आलेल्या आयओएस १५ पासून ही फाइल जेसन या यंत्रांसाठीच्या मजकुराच्या स्वरूपात असते, त्यामुळे साध्या एडिटरमध्ये ती आणखी अगम्य दिसते. एक्सकोड या ॲपलच्या ॲप बनवायच्या सॉफ्टवेअरमधल्या डिव्हाइस लॉग्ज खिडकीत ती ओढून टाका, म्हणजे वाचण्याजोगी होते. सुरुवातीला मोजक्याच ओळी बघायच्या. डिव्हाइसचं मॉडेल, ओएसची आवृत्ती आणि तुमच्या बिल्डचा क्रमांक. या बिल्ड क्रमांकाकडे दुर्लक्ष करू नका. दुरुस्ती एका बिल्डमध्ये झालेली आणि रिव्ह्यूला गेलेलं बिल्ड भलतंच, असं घडतं. त्यानंतर 'एक्सेप्शन टाइप' आणि 'टर्मिनेशन रीझन' या ओळी. मग कोणता थ्रेड, म्हणजे ॲपमध्ये एकाच वेळी चालणाऱ्या कामांपैकी कोणती साखळी, पडला ते. शून्य क्रमांकाचा थ्रेड म्हणजे मेन थ्रेड, जो स्क्रीन चालवतो. त्या थ्रेडची यादी वरून खाली वाचत जायची आणि जिथे तुमच्या ॲपचं नाव पहिल्यांदा येतं त्या ओळीवर थांबायचं. 'लास्ट एक्सेप्शन बॅकट्रेस' असा वेगळा भाग दिला असेल तर आधी तो वाचायचा, कारण अशा वेळी मेन थ्रेडच्या यादीत फक्त ॲप बंद होतानाची धावपळ दिसते, मूळ चूक दिसत नाही.

आता अडचण अशी, की तुमच्या ॲपच्या ओळीत फंक्शनचं नाव नसून नुसता मेमरीतला पत्ता असू शकतो. घर क्रमांक आहे पण दारावर पाटी नाही, अशातला प्रकार. या पत्त्यांवरून फंक्शनचं नाव आणि कोडमधली ओळ काढायच्या कामाला सिम्बॉलिकेशन म्हणतात आणि त्यासाठी डीसिम नावाची फाइल लागते. ती प्रत्येक बिल्डबरोबर तयार होते आणि त्याच बिल्डला लागू पडते. दोघांचा यूयूआयडी, म्हणजे ओळख क्रमांक, जुळावा लागतो. तोच कोड पुन्हा बिल्ड करून मिळालेली डीसिम जुन्या लॉगला चालेल यावर विसंबता येत नाही. म्हणून सबमिट केलेल्या प्रत्येक बिल्डचं आर्काइव्ह, म्हणजे एक्सकोडने बांधून ठेवलेला संच, जपून ठेवायचं. एक्सकोडच्या ऑर्गनायझरमधून ते आर्काइव्ह फाइंडरमध्ये उघडलं की आत डीसिम्स नावाचा फोल्डर सापडतो. ती फाइल मॅकवर असली की एक्सकोड बहुतेक वेळा स्वतःच नावं भरतो. नाही भरली तर टर्मिनलमध्ये 'एटॉस' ही कमांड आहे: तिला डीसिम, लोड ॲड्रेस (ॲप मेमरीत जिथून सुरू होतं तो पत्ता) आणि हवा तो पत्ता द्यायचा, ती फाइलचं नाव आणि ओळ क्रमांक सांगते. बिल्ड सर्व्हरवर आर्काइव्ह होत असेल आणि नंतर सगळं पुसलं जात असेल, तर ती व्यवस्था आजच बदला.

एक्सेप्शन टाइप बघून कारणाचं घराणं लगेच कळतं, आणि तिथेच निम्मं काम होतं.

'ईएक्ससी ब्रेकपॉइंट' आणि 'सिगट्रॅप' दिसलं आणि ॲप स्विफ्टमध्ये असेल, तर बहुधा कोडनेच स्वतःला थांबवलेलं असतं. हमखास सापडणारं कारण म्हणजे फोर्स अनरॅप: इथे किंमत असणारच असं गृहीत धरून लावलेलं उद्गारचिन्ह, आणि प्रत्यक्षात तिथे निल, म्हणजे काहीच नाही. 'सिगअबॉर्ट' असेल तर बहुतेकदा कुणीही न पकडलेलं एक्सेप्शन, म्हणजे कोडने चुकीची दिलेली सूचना, असतं आणि त्याचा मजकूर लॉगमध्ये मिळू शकतो. फायरबेसची कॉन्फिगरेशन फाइल प्रोजेक्टच्या फोल्डरमध्ये आहे पण टार्गेटमध्ये जोडलेली नाही, किंवा गूगलच्या जाहिरातींची एसडीके घातली पण इन्फो पीलिस्ट या ॲपच्या माहितीच्या फाइलमध्ये ॲप आयडी लिहायचा राहिला, हे या घराण्यातले नेहमीचे पाहुणे. 'ईएक्ससी बॅड ॲक्सेस' म्हणजे मेमरीत नको तिथे हात गेला. याचा माग काढणं कष्टाचं असतं. ॲड्रेस सॅनिटायझर हे मेमरीतल्या चुका पकडणारं एक्सकोडमधलं साधन चालू करून बघावं लागतं.

टर्मिनेशन रीझनमध्ये 'डीवायएलडी' आणि लायब्ररी सापडली नाही असं असेल, तर तुमच्या कोडची एकही ओळ चाललेली नाही. फ्रेमवर्क, म्हणजे ती लायब्ररी, प्रोजेक्टला लिंक झालं आहे, पण ॲपच्या पॅकेजमध्ये गेलेलं नाही. टार्गेटच्या सेटिंगमध्ये त्या फ्रेमवर्कसमोर 'एम्बेड अँड साइन' निवडलं की प्रश्न सुटतो. तिथे 'टीसीसी' (परवानग्या सांभाळणारा सिस्टीमचा भाग) दिसलं तर कॅमेरा, मायक्रोफोन, संपर्क अशी खासगी गोष्ट मागताना ती का हवी याचं वाक्य इन्फो पीलिस्टमध्ये नव्हतं. कोणतं वाक्य हवं होतं तेही लॉगमध्येच दिलेलं असतं.

वॉचडॉगवर, म्हणजे अडकलेलं ॲप बंद करणाऱ्या सिस्टीमच्या पहारेकऱ्यावर, मात्र जरा थांबावं लागेल, कारण तो डेव्हलपरच्या टेबलावर कधी दिसतच नाही. ॲप सुरू व्हायला आयओएस साधारण २० सेकंद देतं. तेवढ्यात पहिला स्क्रीन उभा राहिला नाही, तर सिस्टीम ॲप मारून टाकते आणि लॉगमध्ये 0x8badf00d, म्हणजे 'एट बॅड फूड' असा वाचता येणारा कोड लिहून ठेवते. यामागे बहुधा मेन थ्रेडवर केलेलं नेटवर्कचं काम असतं: सर्व्हरवरून कॉन्फिगरेशन येईपर्यंत ॲप जागच्या जागी ताटकळतं. तुमच्या ऑफिसच्या वाय-फायवर ते उत्तर पापणी लवायच्या आत येतं. रिव्ह्यूअरच्या नेटवर्कवर ते आलंच नाही, तर २० सेकंद संपतात. आणि खरी मेख इथे आहे: डिबगर (चालत्या कोडमधल्या चुका शोधायचं साधन) जोडलेला असताना वॉचडॉग गप्प असतो, सिम्युलेटरमध्येही (मॅकवरच्या नकली फोनमध्येही) तो नसतो. म्हणजे तुम्ही दिवसभर एक्सकोडमधून ॲप चालवत बसलात तरी हा क्रॅश तुम्हाला कधीही दिसणार नाही. उपाय सरळ आहे: पहिला स्क्रीन आधी दाखवा, नेटवर्कचं काम मागे चालू द्या, आणि उत्तर आलं नाही तर काय दाखवायचं ते आधी ठरवा.

नेटवर्कचा विषय निघालाच आहे तर आणखी एक. १ जून २०१६ पासून ॲपलने प्रत्येक ॲप फक्त आयपीव्ही६ (इंटरनेटवरच्या पत्त्यांची नवी पद्धत) असलेल्या नेटवर्कवरही चाललं पाहिजे अशी अट घातली आहे. नेहमीच्या यूआरएल सेशनने काम करणाऱ्या ॲपला सहसा त्रास होत नाही. जुनी सॉकेट लायब्ररी किंवा जुन्या पद्धतीचे पत्ते हाताने जोडणारा कोड असेल तर अडचण येते. मॅकवर इंटरनेट शेअरिंग चालू करताना ऑप्शन बटण दाबून ठेवलं की एनएटी६४ नेटवर्क, म्हणजे असं आयपीव्ही६ नेटवर्क, बनवायचा पर्याय दिसतो. त्या नेटवर्कवर फोन जोडून ॲप उघडून बघा.

"आमच्याकडे चालतंय" हे खोटं नसतं. फक्त तुमच्याकडचं ॲप आणि रिव्ह्यूअरकडचं ॲप या दोन वेगळ्या परिस्थिती असतात. एक्सकोडमध्ये रन दाबलं की डिबग बिल्ड चालतं. स्टोअरला जातं ते रिलीज बिल्ड. रिलीजमध्ये कंपायलर कोड आवळतो आणि काही गोष्टी चक्क गाळतो. उदाहरणार्थ, कुणी असर्टच्या (अट खरी आहे ना ते तपासणाऱ्या आज्ञेच्या) कंसातच सेटिंग वाचणारं फंक्शन बोलावलं असेल, तर डिबगमध्ये सेटिंग वाचली जाते आणि रिलीजमध्ये ते फंक्शन चालतच नाही, कारण स्विफ्ट रिलीज बिल्डमध्ये असर्टची अट तपासत नाही. पुढच्याच ओळीत सेटिंग निल, आणि ॲप खाली. जावास्क्रिप्टमध्ये ॲप लिहायच्या रिॲक्ट नेटिव्हमध्ये याच जातीचा घोळ होतो: डिबगमध्ये जावास्क्रिप्ट तुमच्या लॅपटॉपवर चालणाऱ्या मेट्रो सर्व्हरवरून येते, रिलीजमध्ये ती ॲपच्या आत बांधलेली लागते. बांधायची राहिली तर ॲपला चालवायला काही उरतच नाही. सिम्युलेटरचाही भरवसा नाही. मॅकची फाइल सिस्टीम सहसा लहान-मोठी अक्षरं सारखीच मानते, आयफोनची मानत नाही. मोठ्या अक्षराने सुरू होणाऱ्या फाइलचं नाव कोडमध्ये लहान अक्षराने लिहिलं असेल तर सिम्युलेटरमध्ये ती सापडते आणि खऱ्या फोनवर नाही.

दुसरा फरक कोऱ्या फोनचा. तुमच्या फोनवर ॲप महिनोन्‌महिने आहे. लॉगिन झालेलं, परवानग्या दिलेल्या, डेटाबेस भरलेला. रिव्ह्यूअर ते पहिल्यांदाच टाकतो, तेव्हा लॉगिनचं टोकन नाही, कॅशे नाही, शहर निवडलेलं नाही. ॲप काढून पुन्हा टाकलं म्हणजे फोन कोरा झाला असं समजू नका: यूजर डिफॉल्ट्स (ॲपच्या साध्या सेटिंग) पुसले जातात, पण कीचेनमधल्या (पासवर्ड, टोकन ठेवायच्या सुरक्षित जागेतल्या) नोंदी ॲप काढल्यावरही राहतात. म्हणजे टोकन आहे आणि त्याच्याबरोबरची बाकी माहिती नाही, अशी तिसरीच अवस्था तयार होते. जिथे ते ॲप कधीच नव्हतं असा फोन शोधा.

तिसरा फरक आयपॅडचा. ॲप फक्त आयफोनसाठी असलं तरी ते आयपॅडवर उघडून बघितलं जातं, म्हणून टीममध्ये एक जुना का होईना पण आयपॅड हवाच. दोन्हींसाठी बनवलेल्या ॲपमध्ये ठरलेला खड्डा म्हणजे ॲक्शन शीट. पहिल्यांदा उघडताच "भाषा निवडा" म्हणून खालून वर येणारी यादी दाखवली जाते. आयफोनवर ती छान येते. आयपॅडवर तीच यादी पॉपओव्हर म्हणून उघडते आणि ती कुठल्या बटणाला चिकटवायची हे सांगितलेलं नसेल तर एक्सेप्शन येऊन ॲप बंद होतं. दुरुस्ती एक-दोन ओळींची आहे: सोर्स व्ह्यू आणि त्याची जागा द्यायची.

आणि चौथा फरक, जो भारतात बनणाऱ्या ॲपना खास नडतो. भारताबाहेरून येणाऱ्या रिक्वेस्ट फायरवॉलवरच अडवण्याची पद्धत आपल्याकडे अनेक सर्व्हरना असते. रिव्ह्यूअर भारतात बसलेला नाही असंच धरून चाला. समजा, बाजारभाव दाखवणारं ॲप आहे. उघडताच ते सर्व्हरकडे भाव मागतं. पुण्यातून जेसन येतं, कॅलिफोर्नियातून "प्रवेश नाकारला" असं सांगणारं एचटीएमएल पान येतं. डेव्हलपरने जेसन वाचताना ट्रायपुढे उद्गारचिन्ह लावलेलं असतं, म्हणजे हे चुकणारच नाही असं लिहून दिलेलं. लॉगमध्ये सिगट्रॅप, मेन थ्रेड, आणि भाव वाचणाऱ्या फंक्शनची ओळ. फायरवॉल उघडून रिव्ह्यू पार पडेलही, पण तेवढ्यावर थांबू नका. सर्व्हरने काहीही पाठवलं तरी ॲप उभं राहिलं पाहिजे. ६ मे आणि १० जुलै २०२० या दोन दिवशी स्पॉटिफाय, टिंडर, पिंटरेस्ट अशी मोठी ॲप आयफोनवर उघडताच बंद पडत होती. त्यांनी स्वतःच्या ॲपमध्ये काही बदललं नव्हतं. आत बसवलेल्या फेसबुकच्या एसडीकेला फेसबुकच्या बाजूने झालेला बदल पचला नव्हता. म्हणजे रिव्ह्यूतून पास झालेलं ॲपही असं पडू शकतं.

याच्या उलटा एक प्रकार मराठी वापरकर्त्यांच्या वाट्याला येतो आणि रिव्ह्यूत तो सहसा पकडलाच जात नाही, म्हणून इथे मुद्दाम लिहितो. फोनची भाषा मराठी आणि प्रदेश भारत ठेवला की तारखा आणि आकडे देवनागरीत येऊ शकतात, कारण मराठी लोकेलचे (भाषा आणि प्रदेशाच्या सेटिंगचे) मूळ अंकच देवनागरी आहेत. वाचणाऱ्याला ते हवेच असतात. पण डेट फॉर्मॅटरने (तारीख अक्षरांत मांडणाऱ्या कोडने) बनवलेली तीच तारीख सर्व्हरला पाठवली की सर्व्हरला ती कळत नाही, आणि फॉर्मॅटरने दिलेली "१२५०" ही अक्षरं स्विफ्टच्या पूर्णांकात बदलायला गेलं की निल मिळतं. पुढे फोर्स अनरॅप असेल तर ॲप गेलं. परदेशात इंग्रजी फोनवर तपासणाऱ्याला हे दिसत नाही, साताऱ्यातल्या माणसाला पहिल्याच दिवशी दिसतं. यंत्रासाठीच्या तारखांना 'एन-यूएस-पॉझिक्स' हे लोकेल ठरवून द्या; माणसाला दाखवायच्या तारखा खुशाल मराठीत दाखवा. १२ आणि २४ तासांच्या घड्याळाच्या सेटिंगमुळे होणारा घोळही यानेच मिटतो.

कारणाचा अंदाज आला की ते स्वतःच्या डोळ्यांनी घडताना बघायचं. एक्सकोडच्या स्कीममध्ये (ॲप कसं चालवायचं याच्या सेटिंगमध्ये) रनसाठी रिलीज निवडा, डिबगर जोडण्याची खूण काढा, केबल काढा आणि होम स्क्रीनवरच्या आयकॉनवरून ॲप उघडा. याहून चांगलं म्हणजे टेस्टफ्लाइट, ॲपलची चाचणीसाठीची सोय: स्टोअरला जाणारं तेच बिल्ड तिथे मिळतं. लॉगमधलंच ओएस आणि शक्यतो त्याच आकाराचं डिव्हाइस घ्या. फ्लाइट मोडवर उघडा, नेटवर्क मुद्दाम मंद करणारा नेटवर्क कंडिशनर लावून अगदी सुस्त इंटरनेटवर उघडा, व्हीपीएनने दुसऱ्या देशातून उघडा. परवानगीच्या प्रत्येक खिडकीला नकार देऊन बघा. क्रॅश तुमच्यासमोर झाला की तुमचा लॉग आणि रिव्ह्यूअरचा लॉग शेजारी ठेवून पडलेली ओळ एकच आहे ना ते ताडून घ्या. सारखी नसेल तर तुम्हाला वेगळाच बग सापडला आहे. तोही दुरुस्त करा, पण शोध थांबवू नका.

कधी लॉगच मिळत नाही, फक्त स्क्रीनशॉट किंवा व्हिडिओ असतो. मेमरी संपल्यामुळे ॲप मारलं गेलं तर नेहमीचा क्रॅश लॉग बनत नाही, जेटसॅमची, म्हणजे मेमरी मोकळी करायला ॲप बंद करणाऱ्या व्यवस्थेची, वेगळी नोंद बनते. आणि ॲप स्वतःहून एक्झिट बोलावून बंद होत असेल तर कोणत्याच अर्थाने क्रॅश झालेला नसतो. पैशांच्या व्यवहारांच्या ॲपमध्ये जेलब्रेक (फोनची सुरक्षा तोडलेली आहे का ते) तपासणारा कोड शंका येताच ॲप बंद करतो. रिव्ह्यूअरच्या डिव्हाइसवर ती शंका चुकून आली तर त्याला ते क्रॅशसारखंच दिसतं. अशा वेळी ॲप बंद न करता कारण सांगणारा स्क्रीन दाखवावा. आणि लॉग जोडलेला नसेल तर नम्रपणे मागावा. निरोपाला तिथल्या तिथे उत्तर देता येतं.

अँड्रॉइडवर चित्र थोडं वेगळं आहे. गूगल प्लेचा प्री-लाँच रिपोर्ट चाचणी ट्रॅकवर टाकलेलं बिल्ड खऱ्या उपकरणांवर आपोआप चालवून क्रॅश दाखवतो, आणि तिथे डीसिमच्या जागी, कोड आवळणाऱ्या आर८ या साधनाची मॅपिंग फाइल जपावी लागते. बाकी कोरा फोन, परदेशी आयपी, मराठी अंक ही कारणं तिथेही तशीच लागू पडतात.

दुरुस्तीनंतर बिल्ड क्रमांक वाढवून सबमिट करताना उत्तर थोडक्यात लिहा: कोणत्या परिस्थितीत क्रॅश होत होता, कोणत्या बिल्डमध्ये दुरुस्त केला, कोणत्या डिव्हाइसवर आणि ओएसवर तपासला. लॉगिन लागत असेल तर डेमो खातं द्या, आणि ते भारतीय मोबाइल नंबरवर येणाऱ्या ओटीपीशिवाय चालेल याची खात्री करा, नाहीतर क्रॅश सुटूनही ॲप त्याच गाइडलाइनखाली पुन्हा अडकेल. आधीच स्टोअरवर असलेल्या ॲपचं अपडेट असेल आणि लोकांचे फोनही बंद पडत असतील, तर एक्स्पिडाइटेड, म्हणजे तातडीचा, रिव्ह्यू मागता येतो. मंजुरी मिळाल्यावर फेज्ड रिलीज निवडा. आपोआप अपडेट घेणाऱ्यांपैकी पहिल्या दिवशी १ टक्का लोकांनाच नवी आवृत्ती जाते आणि सात दिवसांत ती सगळ्यांपर्यंत पोचते. त्या पहिल्या दोन-तीन दिवसांत ऑर्गनायझरमधले क्रॅश रोज उघडून बघा, आणि तीच ओळ पुन्हा दिसली तर रिलीज तिथेच थांबवा.